तुमच्या मालिकेतला पाटील दिवसभर करतो काय?

मराठी वाहिन्यांचे कार्यक्रमप्रमुख, मालिकांचे निर्माते, लेखक आणि कास्टिंग करणारी मंडळी यांना,



गावाकडची मालिका म्हटली की तुमच्याकडे एक पाटील असतोच. कधी त्याला आबासाहेब म्हणतात, कधी सरकार. कडक इस्त्रीचा सदरा, गळ्यात गोफ, मिशीला पीळ आणि बसायला वाड्यातला झोपाळा. तो ओरडतो, सुनेला घालूनपाडून बोलतो, घराण्याच्या इज्जतीचा विषय दर दोन भागांनी एकदा काढतो. मी या पाटलांकडे बरीच वर्षं लक्ष ठेवून आहे आणि मला एक गोष्ट अजून कळलेली नाही. हा माणूस पोटापाण्यासाठी करतो काय? त्याचा ऊस कुठल्या कारखान्याला जातो? सोसायटीत त्याचं चालतं का? दूध संघात कोण आहे त्याचं? त्याच्या दारात एकही माणूस कागद घेऊन आलेला मी पाहिला नाही. मालिकेतलं शेत फक्त नायिकेला पळण्यासाठी आणि नायकाला ट्रॅक्टरवर बसण्यासाठी राखून ठेवलेलं असतं.

मी इंदापूर तालुक्यात राहतो. बाजारहाट, दवाखाना, लग्नाचा बस्ता यासाठी बारामती. बारामती म्हटलं की तुम्हाला एकच आडनाव आठवतं, हे मला माहीत आहे. या पत्रात ते येणार नाही. पत्र नटांबद्दल आहे, आणि त्यातही नायक-नायिकेच्या मागे उभ्या असणाऱ्या नटांबद्दल. ज्यांना तुम्ही ‘कॅरेक्टर’ म्हणता, ज्यांची नावं पाटीवर भराभर सरकून जातात, आणि ज्यांच्याशिवाय मालिकेतलं गाव गाव वाटत नाही, ते.

पाटलापासून सुरुवात केली याला कारण आहे. मराठी पडद्यावरचा पाटील ज्या माणसाने घडवला त्याने तो आमच्यासारख्याच मुलखातून उचलला होता. तो माणूस म्हणजे निळू फुले, मूळचे पुण्याचे. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात वाढलेले. पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात त्यांनी माळीकाम केलं. कलापथकातून वग आणि लोकनाट्यं करत ते खेडोपाडी हिंडले, ‘कथा अकलेच्या कांद्याची’ गाजवलं आणि १९६८ साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तून पडद्यावर आले. तेव्हा ते चाळिशीच्या उंबरठ्यावर होते. आज या वयाचा माणूस तुमच्याकडे ऑडिशनला आला तर त्याला नायिकेच्या वडिलांच्या रांगेत बसवून ‘कळवतो’ म्हणतात.

मग १९७४ चा ‘सामना’. विजय तेंडुलकरांचं लेखन, रामदास फुटाणे यांची निर्मिती, जब्बार पटेल यांचं दिग्दर्शन. पुढच्याच वर्षी हा चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता. आमच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट वेगळी आहे. जब्बार पटेल त्या काळात दौंडला डॉक्टरकी करत होते. दौंड म्हणजे आमचा शेजारचा तालुका. ज्याच्या दवाखान्यात बागायतदारही येतो आणि त्याच्या रानात राबणाराही येतो, अशा माणसाने तो पिक्चर केला होता.

त्यातला हिंदुराव धोंडे पाटील आठवा. साखर कारखाना, सहकार, शाळा, सगळं त्याच्या हाताखाली. आणि तो ओरडत नाही. गावात आलेल्या एका दारुड्या मास्तरला, श्रीराम लागूंना, तो घरी आणतो, खाऊपिऊ घालतो, अदबीने बोलतो. मारुती कांबळेचं काय झालं हे मास्तर विचारत राहतो आणि हिंदुरावाचा पाहुणचार चालूच राहतो. भीती वाटते ती त्या पाहुणचाराची. निळूभाऊंनी आवाज खाली ठेवला, डोळे अर्धे मिटले आणि बोलण्याआधी थांबायला सुरुवात केली. आमच्याकडे ज्याच्या हातात खरी सत्ता असते तो असाच थांबून बोलतो. त्याला ओरडायची गरज पडत नाही, कारण त्याच्याकडे तोडणीचा प्रोग्रॅम असतो.

हे जरा सविस्तर सांगतो, कारण तुमच्या लेखकांना याचा उपयोग होईल. आमच्या भागात कालव्याच्या पाण्यावर ऊस आहे. बारामती तालुक्यात माळेगाव आणि सोमेश्वर, इंदापूर तालुक्यात भवानीनगरचा छत्रपती, कर्मयोगी, नीरा-भीमा असे सहकारी कारखाने. त्याआधी, १९३० च्या दशकात, वालचंदनगरला खासगी कारखाना उभा राहिला तोही इंदापूर तालुक्यातच. जुलै-ऑगस्टात लावलेला अडसाली ऊस सोळा-अठरा महिन्यांनी तुटायला येतो. कुणाचा ऊस कधी तोडायचा याची चिठ्ठी कारखान्याच्या शेतकी खात्यातून निघते. ती वेळेवर निघाली तर माणूस सुटला. नाही निघाली तर ऊस उभा राहतो, तुरा येतो, वजन घटतं, खोडवा धरायचा राहून जातो. मार्च उलटला की शेतकरी कासावीस होतो. तोडणीच्या टोळीला खुशाली देतो, ट्रॅक्टरवाल्याला एन्ट्री देतो, म्हणजे दोघांनाही वरचे पैसे चारतो. कुणीकुणी रात्री स्वतःच्याच फडाला काडी लावतो, कारण जळलेला ऊस कारखान्याला लवकर उचलावा लागतो. त्यात कपात होते, तरी तो तयार असतो.

आता सांगा, ज्याला एखाद्याला धडा शिकवायचा आहे त्या पाटलाने ओरडायचं कशाला? समोरच्याचा ऊस एप्रिलपर्यंत उभा ठेवायचा, आणि रस्त्यात भेटला की आपुलकीने विचारायचं, “काय, तोड आली का न्हाई अजून?” एवढ्या एका वाक्यात एखादा चांगला नट अख्खा भाग खाऊन टाकेल. पण तो प्रसंग लिहिलेला पाहिजे.

निळूभाऊंना खलनायक म्हणून सगळ्यांनी लक्षात ठेवलं. गावात गेले की बायका त्यांना शिव्या घालायच्या, हे त्यांच्याबद्दल नेहमी सांगितलं जातं. नकलाकारांनी तर त्यांना वाड्यावर बोलावण्याच्या एका वाक्यात कोंबून टाकलं. मला याचा राग येतो. या माणसाने काय काय केलं ते बघा. १९७२ मध्ये कमलाकर सारंगांच्या दिग्दर्शनाखाली रंगमंचावर ‘सखाराम बाइंडर’मधला सखाराम. १९७९ मध्ये ‘सिंहासन’मधला पत्रकार दिगू, जो चित्रपटभर बहुतेक वेळ दुसऱ्यांचं ऐकत असतो. राज्यातले मातब्बर नट एकामागून एक बोलून जातात आणि आपण बघत राहतो ते ऐकणाऱ्या माणसाकडे. जयवंत दळवींच्या ‘सूर्यास्त’मधले अप्पाजी. हिंदीत १९८४ च्या ‘सारांश’मध्ये म्हाताऱ्या जोडप्याला छळणारा गजानन चित्रे. १९९१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही मिळाला. लागूंबरोबर सामाजिक कृतज्ञता निधीसाठी झटणारा, अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात उभा राहणारा हा माणूस ज्यांच्याशी आयुष्यभर भांडला त्यांचीच पडद्यावर सोंगं काढत होता. १३ जुलै २००९ ला ते गेले. त्यानंतर तुम्ही त्यांचा सदरा ठेवला, मिशी ठेवली, आणि निरीक्षण तेवढं सोडून दिलं.

साच्यात अडकलेल्या नटाचं काय होतं हे आपण पाहिलेलंच आहे. कोल्हापूरच्या गणपत पाटलांनी तमाशापटांतला नाच्या असा उभा केला की त्यांना दुसरं काही मिळेना, आणि त्या नाच्यामुळे लोकांनी त्यांना आणि घरच्यांना खऱ्या आयुष्यातही त्रास दिला. ते तरी निदान स्वतः घडवलेल्या साच्यात अडकले. आज तुम्ही नटाला दुसऱ्याच्या साच्यात ओतता आणि तीन महिन्यांनी टीआरपी घसरला की त्याचा ‘ट्रॅक’ संपवता. गुरुवारी आकडे येतात आणि सोमवारी गावचा सरपंच अपघातात जातो.

चरित्र अभिनेता मोठा होतो तो अनेकदा चार प्रसंगांत होतो. सदाशिव अमरापूरकर अहमदनगरचे. ‘हँड्स अप’ या मराठी नाटकात गोविंद निहलानींनी त्यांना पाहिलं आणि १९८३ च्या ‘अर्धसत्य’मध्ये रामा शेट्टी दिला. पटकथा पुन्हा तेंडुलकरांचीच. पडद्यावर हा रामा शेट्टी किती वेळ दिसतो ते मोजून बघा, फार थोडा. पण फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्याचा पुरस्कार त्यांनाच गेला. निहलानींनी नगरच्या माणसाकडून सेल्फ टेप मागवली नव्हती, ते नाट्यगृहात जाऊन बसले होते. तुमच्या कास्टिंगवाल्यांपैकी किती जण राज्य नाट्य स्पर्धेच्या प्राथमिक फेरीला जातात? पुण्यात पुरुषोत्तम करंडक एकांकिका स्पर्धा १९६३ पासून भरते, तिथे तरी सगळे जातात म्हणे. पण बारामतीच्या टी. सी. कॉलेजच्या किंवा इंदापूर कॉलेजच्या पोरांची एकांकिका बघायला पुण्याच्या पुढे कोण आलंय?

न्याय म्हणून सांगतो, सगळंच वाईट नाही. ‘तुझ्यात जीव रंगला’साठी तुम्ही कोल्हापूरजवळ वसगडेला तळ ठोकलात. ‘लागिरं झालं जी’साठी साताऱ्याकडे गेलात आणि तिथले नट घेतलेत. कराडच्या कमल ठोके शाळेतून निवृत्त झाल्या आणि जिजी म्हणून घराघरांत पोचल्या. ती जिजी लोकांना आपल्या घरातली वाटली, कारण त्या बाईंनी तसल्या म्हाताऱ्या आयुष्यभर जवळून बघितल्या होत्या. भारत गणेशपुरे यांनी वऱ्हाडी टीव्हीवर रुजवली, मकरंद अनासपुरे यांनी मराठवाडा आणला. आम्हा नीरा-भीमेकाठच्यांना मात्र अजून आपला असा नट मिळालेला नाही. आमच्या तोंडी तुम्ही कोल्हापूरची भाषा घालता आणि वर साताऱ्याचा हेल लावता. बारामतीच्या बायकाही तुमची मालिका बघून हसतात, पण विनोदाला नाही.

जवळचंच उदाहरण द्यायचं तर नागराज मंजुळे. त्यांचं जेऊर म्हणजे उजनी धरणाच्या पल्याड, आमच्या समोरच्या काठावर. ‘फँड्री’चा जब्या केमचा, ‘सैराट’ची आर्ची अकलूजची. पण माझ्या मते मंजुळ्यांची खरी कमाल नायक-नायिकेत नाही, मागच्या माणसांत आहे. ‘सैराट’मधला लंगड्या आठवा. तानाजी गळगुंडेचा तो मित्र नसता तर परशाचं प्रेम निम्मंच राहिलं असतं. ‘फँड्री’तला कचरू माने किशोर कदमांनी केला. ते मुरलेले नट, मुंबईचे. म्हणजे गावचाच माणूस घ्या असा माझा हट्ट नाही. ज्याने बघितलंय त्याला घ्या, किंवा ज्याला घ्याल त्याला आधी बघू द्या.

आता सूरज चव्हाणबद्दल बोलायला हवं, नाहीतर तुम्ही म्हणाल बारामतीच्या पोराला आम्ही घेतलंच की. घेतलंत. मोढवे हे गाव बारामती तालुक्याच्या जिरायती पट्ट्यात आहे, जिथे कालवा पोचत नाही. लहानपणी आईवडील गेलेला तिथला एक मुलगा मोबाइलवर व्हिडिओ करून लोकांना माहीत झाला आणि ६ ऑक्टोबर २०२४ ला ‘बिग बॉस मराठी’चं पाचवं पर्व जिंकला. आमच्याकडे त्या रात्री फटाके वाजले. मग एप्रिल २०२५ मध्ये केदार शिंदे यांच्या ‘झापुक झुपूक’मध्ये तो थेट नायक झाला. त्याला यश मिळालं याचा आनंदच आहे. पण मला राहून राहून वाटतं, या पोराला कुणीतरी एखाद्या बऱ्या मालिकेत पाणक्या, ड्रायव्हर, नायकाचा चुलतभाऊ असं दोन वर्षं काम द्यायला हवं होतं. कॅमेऱ्यासमोर दुसऱ्याचं वाक्य ऐकायचं कसं, शांत उभं कसं राहायचं, हे त्याला कळलं असतं. गावाकडचा माणूस तुम्हाला एक तर तमाशा म्हणून हवा असतो, नाहीतर चमत्कार म्हणून. रोज कामावर येणारा नट म्हणून त्याला बोलवायचं तुमच्या डोक्यात येत नाही.

रोज कामावर येण्यावरून पैशाचं आलं. आमच्याकडची दोन-चार मुलं मुंबईत राहून हे काम करतात, त्यांच्याकडून ऐकतो. बारा तासांची शिफ्ट, ‘पर डे’ ठरलेला, त्यातून कोऑर्डिनेटरचं कमिशन जातं. कामाचे दिवस महिन्याला चार की चौदा, कुणी सांगत नाही. आणि पैसे नव्वद दिवसांनी. नायकाला तीन महिने थांबणं जमतं. गोरेगावात चौघांत खोली करून राहणाऱ्याला जमत नाही. मग तो गावी येतो, म्हशी बघतो, आणि तुम्ही म्हणता की ग्रामीण भागात टॅलेंट आहे पण कन्सिस्टन्सी नाही. कारखान्याचं ऊसबिल लांबलं की आम्ही गेटवर जाऊन बसतो. नटाने कुठल्या गेटवर बसावं?

मागणी एवढीच की ज्याचं महिन्यात पाच दिवसांपेक्षा कमी काम आहे त्याचे पैसे महिन्याच्या महिन्याला द्या. असे नट एका मालिकेत फार नसतात. तुमच्या एका लग्नाच्या भागातल्या फुलांचा खर्च त्याहून जास्त असेल.

आणि लिहिणाऱ्यांना सांगायचं ते असं. पाटलाला थोडी सुट्टी द्या. आमच्याकडे नटाला जन्मभर पुरतील अशी माणसं पडली आहेत. शेतकी खात्याचा चिटबॉय घ्या. पगार किरकोळ, पण त्याच्या सहीवर तोड अडते, म्हणून शंभर एकरवाला त्याला चहा पाजतो. मुकादम घ्या, जो बीडकडून टोळी आणतो, उचल दिलेला कोयता (तोडणी करणारं जोडपं) मध्येच पळून गेला म्हणून रात्री फोनवर रडतो आणि सकाळी उरलेल्यांवर आवाज चढवतो. त्याला खलनायक करणं सोपं आहे, तसं करू नका. कालव्याचा पाटकरी घ्या. उजनीत मासेमारी करणारा घ्या, ज्याच्या होडीत आता भिगवणला फ्लेमिंगो बघायला आलेली पुण्याची मंडळी बसतात आणि ज्याच्या आजोबांची जमीन त्याच पाण्याखाली आहे. दुष्काळात पाणी ओसरलं की पळसदेवचं जुनं देऊळ बाहेर येतं, आणि तिथे म्हातारी माणसं जाऊन आपल्या गल्ल्या कुठे होत्या ते नातवांना दाखवतात. यातल्या एका म्हाताऱ्यावर तुमची तेरा भागांची मालिका निघेल. काटेवाडीत तुकोबांच्या पालखीभोवती मेंढ्यांचं रिंगण होतं. तो मेंढका वर्षभर काय करतो ते कुणी विचारलंय?

बायकांचं तर विचारूच नका. तुमच्या मालिकेतली सासू स्वयंपाकघरात कारस्थान करते. आमच्याकडची सासू बचत गटाची अध्यक्ष असते, पतसंस्थेत जामीन राहिलेली असते, कारखान्याच्या निवडणुकीत महिला राखीव जागेवरून उभी असते, आणि तिच्या नावावर कारभार कोण करणार यावरून दोन मुलांत भांडण असतं. कारस्थान हवंच असेल तर हे घ्या. चाळिशी-पन्नाशीच्या किती अभिनेत्रींना यात काम मिळेल. त्या आज कुंकवाचा करंडा हातात घेऊन दारात उभ्या आहेत.

शेवटी एक व्यवहाराची गोष्ट. नवीन मालिकेचं कास्टिंग ठरलं की एक दिवस बारामतीत ऑडिशन ठेवा. विद्या प्रतिष्ठानचं गदिमा सभागृह आहे, नटराज नाट्य कला मंडळाची माणसं गेली कित्येक वर्षं इथे नाटकाची हौस आणि शिस्त दोन्ही सांभाळून आहेत. जागा, माणसं, चहा याची अडचण नाही. फक्त मुंबईहून लिहून आणलेली वाक्यं वाचायला लावू नका. आलेल्याला विचारा, तुझ्या गावात सगळ्यात जास्त घाबरतात कुणाला, आणि तो माणूस बोलतो कसा ते करून दाखव. तुमचा पाटील तिथेच सापडेल, आणि तो झोपाळ्यावर बसलेला नसेल.

तारीख मात्र दसऱ्याच्या आतली धरा. नंतर गळीत सुरू होतं. चिटबॉयचं काम ज्याला द्यावं असं माझ्या डोळ्यांसमोर आहे, तो स्वतःच तेव्हा दिवसरात्र फडात असतो आणि फोन उचलत नाही.

आपला,
इंदापूर तालुक्यातला एक प्रेक्षक